हरलेल्यांसाठी आठ खुर्च्या

मॉरिशसमध्ये निवडणूक झाली, मतमोजणी संपली, की एक भागाकार मांडला जातो. विजयी उमेदवारांच्या गाड्यांचे हॉर्न अजून वाजत असतात आणि निवडणूक देखरेख आयोगाची माणसं चार आकड्यांना चार आकड्यांनी भागत असतात. त्या भागाकारातून जास्तीत जास्त आठ नावं निघतात. सगळी पडलेल्या उमेदवारांची. मतदारांनी घरी पाठवलेली ही माणसं संसदेत जातात, शपथ घेतात आणि निवडून आलेल्यांच्या बरोबरीने पाच वर्षं बसतात. राज्यघटनेच्या पहिल्या परिशिष्टात ही सगळी पद्धत लिहून ठेवलेली आहे. लोक तिला म्हणतात ‘बेस्ट लूझर’.

पहिल्यांदा ऐकताना हे विचित्र वाटतं. जनतेने नाकारलेल्याला मागच्या दाराने आत घ्यायचं, मग निवडणूक घेतली कशाला? पण साम्राज्यातून सुटून नवे झालेले देश पुढे कसे चालले हे पाहताना मला पुन्हा पुन्हा वाटतं, की जिंकलेल्याला किती अधिकार द्यायचे यावर घटना लिहिणाऱ्यांनी पानंच्या पानं खर्च केली आणि हरलेल्याचं काय करायचं यावर फारसं कुणी बोललं नाही. हरलेला माणूस तुरुंगात गेला, परदेशी गेला, नाहीतर बराकीतल्या कुणाला तरी भेटायला गेला. मॉरिशसने मात्र हा प्रश्न घटनेत घेतला आणि त्याचं उत्तर अंकगणितात लिहिलं. उत्तर पूर्ण बरोबर नव्हतं. आज तर ते बरंच शिळं झालंय. पण प्रश्न ओळखला होता, आणि मला त्याचंच मोल फार वाटतं.

बेट केवढंसं! दोन हजार चौरस किलोमीटरहून थोडं जास्त, वस्ती साडेबारा लाखांच्या आसपास. मूळचे रहिवासी कुणी नव्हतेच. डच आले आणि सोडून गेले. १७१५ पासून फ्रेंच होते, त्यांनी आफ्रिका आणि मादागास्करहून गुलाम आणले. १८१० मध्ये इंग्रजांनी बेट जिंकलं, पण ऊस, जमिनी आणि साखर कारखाने फ्रेंच मालकांच्याच हाती राहिले. गुलामगिरी संपली तेव्हा मळ्यांवर माणूस हवा होता, म्हणून १८३४ पासून हिंदुस्थानातून गिरमिटिया मजूर आणले गेले. बहुतेक बिहार आणि पूर्वेकडच्या मुलखातले, त्याखालोखाल मद्रास इलाख्यातले तमिळ आणि तेलुगू. मुंबई बंदरातून गेलेली थोडी मराठी माणसंही त्यात होती. मागून चिनी दुकानदार आले. राजधानी पोर्ट लुईसच्या धक्क्यावर ज्या जागी हे मजूर उतरले तो आप्रवासी घाट आज जागतिक वारसास्थळ आहे. म्हणजे या देशात जो तो कुणाच्या ना कुणाच्या जहाजातून आला. ‘आम्ही इथले, तुम्ही बाहेरचे’ असं कुणाला म्हणताच येत नाही. लोकशाहीला ही गोष्ट पथ्यावर पडली, हे आधीच मान्य करायला हवं.

मताचा हक्क हप्त्याहप्त्याने मिळाला. १९४८ च्या निवडणुकीआधी नियम बदलला: बेटावरच्या कुठल्याही एका भाषेत साधं लिहिता-वाचता येणाऱ्या प्रौढाला मत. बासदेव बिसूनदयाल यांच्या जनआंदोलनातली माणसं गावोगाव बसून ऊसतोड्यांना अक्षरं गिरवायला शिकवत होती, कारण अक्षर आलं की मत आलं. साक्षरतेचा इतका थेट उपयोग फार थोड्या ठिकाणी झाला असेल. १९५९ मध्ये सगळ्या प्रौढांना मत मिळालं, आणि लगेच भीतीही आली. लोकसंख्येत निम्म्याहून थोडे जास्त हिंदू. मोजणी डोक्यांची होणार असेल तर बाकीच्यांनी करायचं काय? क्रिओल, म्हणजे गुलामांचे वंशज, आणि गोरे फ्रँको-मॉरिशियन यांच्या पक्षाला, पीएमएसडीला, स्वातंत्र्यच नको होतं. ब्रिटनशी जोडलेलं राहू, असं त्यांचं म्हणणं. अब्दुल रझाक महंमद यांच्या मुस्लिम कृती समितीचं म्हणणं वेगळं होतं: स्वातंत्र्याला आमची हरकत नाही, पण सभागृहात आमची माणसं किती असतील ते आधी लिहून द्या.

स्वतंत्र मतदारसंघ हा एक रस्ता होता. मुसलमानांनी मुसलमानाला, हिंदूंनी हिंदूला मत द्यायचं. फाळणीला वीस वर्षंही झाली नव्हती, त्यामुळे या रस्त्याने जायची हिंमत कुणात नव्हती. १९६६ मध्ये बॅनवेल आयोगाने मतदारसंघांची आखणी केली: बेटाचे २० मतदारसंघ, प्रत्येकात तीन जागा, आणि दूरच्या रॉड्रिग्ज बेटाला दोन. एकूण ६२. समतोलासाठी आयोगाने सुचवलेल्या तरतुदींवर इथल्या पक्षांनी गदारोळ केला, तेव्हा ब्रिटिश मंत्री जॉन स्टोनहाउस आले, सगळ्यांना बसवलं आणि तडजोड काढली: निवडणूक सगळ्यांची मिळून एकच, मतदार यादी एकच, पण निकालानंतर आठ जागांची भर.

आपल्याकडे राखीव जागा आधी ठरते. अमुक मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव, आता तिथून त्याच समाजाचा माणूस उभा राहणार. मॉरिशसने हे काम निकालानंतर करायचं ठरवलं. लोकांना हवं तसं मत देऊ द्या. जे निघेल ते पाहू. कुणी फारच कमी पडलं तर तेवढं भरून काढू. तत्त्व म्हणून मला हे जास्त सभ्य वाटतं. मतदाराच्या हातात मतपत्रिका देताना त्याच्या समाजाचं नाव उच्चारलं जात नाही.

आता ती मतपत्रिकाच जवळून पाहू. उमेदवारांची नावं आडनावाच्या अक्षरक्रमाने छापलेली, नावापुढे पक्षाचं चिन्ह: मजूर पक्षाची किल्ली, एमएसएमचा सूर्य, एमएमएमचं हृदय, पीएमएसडीचा कोंबडा. मुख्य बेटावरच्या मतदाराला तीन फुल्या मारायच्या असतात, आणि तीनच. दोनच मारल्या तर मत बाद, चार मारल्या तरी बाद. बहुसदस्यीय प्रभागात मत दिलेल्या पुणेकराला किंवा नाशिककराला हे ओळखीचं वाटेल, पण फरक आहे. आपल्या प्रभागात अ, ब, क अशा वेगवेगळ्या जागा आणि प्रत्येक जागेची वेगळी लढत. तिथे यादी एकच. सगळ्यांत जास्त मतं मिळवणारे पहिले तीन निवडून. बहुतेक लोक चिन्ह शोधत खाली येतात आणि एकाच आघाडीच्या तिन्ही नावांपुढे फुली मारतात. मतांचे गठ्ठेच्या गठ्ठे असे एका बाजूला पडतात.

याचा परिणाम भयंकर असतो. वारं एका बाजूचं असेल तर तिन्ही जागा त्याच बाजूला, आणि हे वीस मतदारसंघांत एकाच वेळी घडतं. ११ जून १९८२ ला एमएमएम आणि पीएसएम यांच्या आघाडीने बेटावरच्या साठच्या साठ जागा जिंकल्या. १९९५ मध्ये मजूर पक्ष आणि एमएमएम यांनी पुन्हा साठपैकी साठ. नोव्हेंबर २०२४ मध्ये मजूर पक्षाचे नेते नवीनचंद्र ऊर्फ नवीन रामगुलाम यांच्या आघाडीने तिसऱ्यांदा साठपैकी साठ. मतं मात्र प्रत्येक वेळी साठ-पासष्ट टक्क्यांच्या आसपास. म्हणजे शंभरातल्या पस्तीस-चाळीस लोकांनी दुसऱ्या कुणाला मत दिलं आणि बेटावरून त्यांचा एकही माणूस निवडून आला नाही. उलटाही प्रकार होतो. २०१९ मध्ये मतं तिघांत विभागली गेली, तेव्हा ३७ टक्के मतांवर प्रविंद जगन्नाथांच्या आघाडीने ६२ पैकी ३८ जागा घेतल्या.

अशा घरात हरलेल्यांच्या खुर्च्या किती कामाच्या, ते भागाकार मांडल्यावरच कळतं. घटनेने चार समाज मानले आहेत: हिंदू, मुस्लिम, चिनी-मॉरिशियन आणि उरलेले सगळे, ज्यांना ‘जनरल पॉप्युलेशन’ म्हणतात. रीत अशी, की समाजाची लोकसंख्या घ्यायची, त्या समाजाचे निवडून आलेले सभासद मोजायचे, त्यात एक मिळवायचा आणि भागायचं. ज्याचा भागाकार सगळ्यांत मोठा, तो समाज सगळ्यांत मागे राहिलेला. पहिली खुर्ची त्याची. त्या समाजातल्या पडलेल्या उमेदवारांत ज्याला आपापल्या मतदारसंघात सर्वांत जास्त टक्के मतं पडली असतील त्याला ती मिळते. मात्र तो एखाद्या पक्षाचा उमेदवार हवा, अपक्षाला ही सोय नाही.

हिशेब कळावा म्हणून गोल आकडे घेऊ. प्रमाण खऱ्याच्या जवळचं असलं तरी आकडे उदाहरणाचे आहेत. समजा हिंदू ४,२०,०००, जनरल पॉप्युलेशन २,३०,०००, मुस्लिम १,३०,०००, चिनी २०,०००. निवडून आलेल्या ६२ जणांत अनुक्रमे ३६, १८, ७ आणि १. आता ४,२०,००० भागिले ३७ म्हणजे ११,३५१. २,३०,००० भागिले १९ म्हणजे १२,१०५. १,३०,००० भागिले ८ म्हणजे १६,२५०. २०,००० भागिले २ म्हणजे १०,०००. पहिली खुर्ची मुस्लिम समाजाला. त्यांचे आठ झाले, म्हणून आता ९ ने भागायचं: १४,४४४. अजूनही तेच पुढे, दुसरी खुर्चीही त्यांचीच. १० ने भागलं तर १३,०००, तिसरीही. ११ ने भागल्यावर येतात ११,८१८, आणि इथे जनरल पॉप्युलेशनचे १२,१०५ पुढे जातात. चौथी खुर्ची त्यांची. चौथ्या जागेवरचा फरक तीनशेपेक्षाही कमी. पुढे काय बिघडलं हे समजायला हा बारीक फरक लक्षात ठेवायला हवा.

या पहिल्या चार खुर्च्या देताना पक्ष पाहायचा नाही. पण मग जनतेचा कौलच फिरला तर? त्याचाही विचार केलेला आहे. पहिल्या चारांतल्या जेवढ्या खुर्च्या हरलेल्या पक्षांकडे गेल्या, तेवढ्या पुढच्या चारांतून जिंकलेल्या पक्षाच्या पडलेल्या उमेदवारांना द्यायच्या. म्हणजे समाजाचा तोल सुधारतो आणि पक्षांमधलं अंतर जिथल्या तिथे राहतं. स्टोनहाउसच्या तडजोडीतला हा भाग मला सर्वांत चोख वाटतो. अल्पसंख्याकांना जागा मिळाली म्हणून बहुमत गेलं, असं कुणालाच म्हणता येत नाही.

आणि साठ-शून्य झालं की या गणिताला एक सुंदर वळण मिळतं. पुढच्या चार खुर्च्या जिंकलेल्या आघाडीच्या पडलेल्या उमेदवारांसाठी असतात, पण बेटावर त्यांचा पडलेला उमेदवारच उरलेला नसतो! त्या चार खुर्च्या रिकाम्या राहतात. म्हणून १९८२, १९९५ आणि २०२४ या तिन्ही वेळी सभागृह सत्तरचं न होता ६६ चंच झालं, आणि भरलेल्या चारही खुर्च्या जिंकलेल्या आघाडीबाहेरच्यांना गेल्या. २०२४ मध्ये विरोधी पक्षनेता झालेले जो लेजोंगार हे असेच पडलेले उमेदवार. मॉरिशसच्या संसदेत बैठकीच्या सुरुवातीला विरोधी पक्षनेत्याला थोडाच वेळ आधी खासगीत कळवलेल्या तातडीच्या विषयावर प्रश्न विचारता येतो. ‘पीएनक्यू’, म्हणजे ‘प्रायव्हेट नोटिस क्वेश्चन’, म्हणतात त्याला, आणि देशभर लोक तो ऐकतात. साठ माणसं समोर बसलेली असताना पहिला प्रश्न हरलेला माणूस विचारतो. साठ-शून्यच्या देशात सभागृहाला तोंड उरतं ते या चार खुर्च्यांमुळे.

या पद्धतीची पहिली परीक्षा तिच्या पहिल्याच निवडणुकीत झाली. ७ ऑगस्ट १९६७. नावाला ती विधानसभेची निवडणूक, पण लोकांनी मत दिलं ते स्वातंत्र्यावर. शिवसागर रामगुलाम यांच्या स्वातंत्र्य आघाडीला ३९ जागा, गेतां द्युव्हाल यांच्या पीएमएसडीला २३. मतांत पाहिलं तर शंभरातले चव्वेचाळीसच्या आसपास लोक स्वातंत्र्याच्या विरोधात होते. जानेवारी १९६८ मध्ये पोर्ट लुईसमध्ये क्रिओल आणि मुस्लिम टोळ्यांत दंगल पेटली, ब्रिटिश सैन्य बोलवावं लागलं, आणि १२ मार्च १९६८ ला शाँ द मार्सच्या मैदानावर झेंडा चढला तेव्हा गावात तणाव होताच. पैसेवाले आणि शिकलेले कितीतरी क्रिओल, गोरे ऑस्ट्रेलियाला निघून गेले. इतक्या अर्ध्यामुर्ध्या मनाने स्वतंत्र झालेला देश टिकेल असं फारसं कुणाला वाटत नव्हतं.

रामगुलामांनी पुढच्याच वर्षी जे केलं त्यावर दोन मतं आहेत, आणि मला दोन्हींत तथ्य दिसतं. स्वातंत्र्याला विरोध करणाऱ्या द्युव्हालना त्यांनी १९६९ मध्ये सरकारात घेतलं. हरलेल्या चव्वेचाळीस टक्क्यांना सत्तेचं दार उघडलं, हे खरं. पण दोन मोठे पक्ष एक झाल्यावर विरोधक नावापुरताच उरला, आणि त्या सोयीचा फायदा घेऊन १९७२ ला होणारी निवडणूक १९७६ पर्यंत पुढे ढकलली गेली, हेही खरं. १९७१ च्या अखेरीला गोदी कामगारांचे संप झाले, आणीबाणी लागली, वर्तमानपत्रांवर बंधनं आली, पॉल बेरांजेंसारखे एमएमएमचे तरुण नेते तुरुंगात गेले. ज्या नेत्याला आज राष्ट्रपिता म्हणतात त्याच्याच कारकिर्दीत हे झालं. डिसेंबर १९७६ मध्ये निवडणूक झाली तेव्हा सर्वांत मोठा पक्ष ठरला तो तुरुंगातून बाहेर आलेल्यांचा: एमएमएम ३४, मजूर पक्ष २८, पीएमएसडी ८. मजूर पक्ष आणि पीएमएसडी यांनी एकत्र येऊन ३६ केले आणि सरकार चालवलं.

मग १९८२. रामगुलामांचं सरकार तर हरलंच, पण पाच नंबरच्या मतदारसंघात, पाम्प्लमूस आणि त्रिओलेमध्ये, ते स्वतःही पडले. वय ऐंशीच्या पुढे, चौदा वर्षं पंतप्रधान, आणि आपल्याच गाववाल्यांनी घरी बसवलेले. कसलीही खळखळ न करता ते बाजूला झाले. पुढच्याच वर्षी नव्या पंतप्रधानांनी, अनिरुद्ध जगन्नाथांनी, ज्यांना हरवलं त्यांनाच गव्हर्नर जनरल केलं. १९८५ मध्ये त्याच पदावर असताना ते वारले. हा प्रसंग मला या देशाच्या घटनेतल्या कुठल्याही कलमाइतकाच महत्त्वाचा वाटतो, कारण हरण्याचा रिवाज तिथे पडला. २०१४ मध्ये शिवसागर यांचे पुत्र नवीन रामगुलाम पंतप्रधान असताना त्याच पाच नंबरात पडले. २०१९ मध्ये दुसऱ्या मतदारसंघातून उभे राहिले, तिथेही पडले. २०२४ मध्ये पाच नंबरातूनच निवडून येऊन परत पंतप्रधान झाले. आणि त्यांनी ज्यांना हरवलं ते प्रविंद जगन्नाथ, आठ नंबरात स्वतः पडले. मोजणी पुरती व्हायच्या आत त्यांनी पराभव मान्य केला. त्याआधी दहाच दिवस, फोन-टॅपिंगच्या ध्वनिफिती बाहेर येत होत्या म्हणून त्यांच्या सरकारने सगळी समाजमाध्यमं बंद केली होती. ओरड झाली आणि दिवसभरात बंदी मागे घ्यावी लागली. सत्ता हातची जाताना कुणाचाही हात थरथरतो. थरथरून तो कुठे थांबतो, हे पाहायचं.

असं का घडू शकलं याचं एक कारण अगदी साधं आहे. मॉरिशसला सैन्य नाही. पोलिसांचं एक सशस्त्र दल आहे, पण हरलेल्या नेत्याला ज्याच्या दारात जाता येईल असा सेनापतीच नाही. फिजीशी तुलना करून पाहा. तिथेही ऊस, तिथेही गिरमिटिया, तिथेही इंग्रजांचं राज्य. फरक असा, की तिथे जमिनीचे मूळ मालक होते आणि जवळजवळ सगळं सैन्य त्यांचंच होतं. एप्रिल १९८७ मध्ये भारतीय वंशाच्या लोकांचा पाठिंबा असलेलं टिमोची बावाद्रांचं सरकार आलं आणि १४ मे ला लष्करी अधिकारी सितिवेनी राबुका यांनी ते उलथवलं. भारतीय वंशाचे महेंद्र चौधरी १९९९ मध्ये तिथले पंतप्रधान झाले. वर्ष पुरं होताहोता त्यांना संसदेतच ५६ दिवस ओलीस ठेवलं गेलं. घटना चांगली असून भागत नाही, हरलेल्याच्या हाताशी बंदूक नसावी लागते.

दुसरं कारण न्यायालयाचं. निवडणुकीची तक्रार लंडनच्या प्रिव्ही कौन्सिल या अंतिम अपील न्यायालयापर्यंत जाते. २००५ मध्ये अशोक जगन्नाथ आठ नंबरातून निवडून आले. प्रचाराच्या काळात ते आरोग्यमंत्री होते आणि मुस्लिम दफनभूमीसाठी जमीन घेण्याचं आश्वासन आणि आरोग्य खात्यातली नोकरभरती या दोन गोष्टी न्यायालयाने लाच ठरवल्या. निवडणूक रद्द झाली, २००८ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ती रद्दच ठेवली. दफनभूमीची मागणी रास्त होती, यात शंका नाही. पण मतदानाच्या तोंडावर एका समाजाला एक वस्तू देऊ करणं हा सौदा आहे, एवढी रेघ त्या निकालाने ओढली. आपल्याकडच्या निवडणूक काळातल्या घोषणा वाचताना ही रेघ मला आठवते.

आता बिघडलं काय ते. भागाकारातला वरचा आकडा, म्हणजे समाजाची लोकसंख्या, येतो कुठून? १९७२ च्या जनगणनेतून. त्यानंतर जनगणनेत समाज विचारणंच बंद झालं. १९८२ मध्ये साठपैकी साठ जिंकून आलेल्या सरकारला धर्म-जातीचं राजकारण संपवायचं होतं, म्हणून त्यांनी हा प्रश्न काढून टाकला. हेतू चांगला, पण बेस्ट लूझरची पद्धत मात्र तशीच ठेवली आणि तिला १९७२ च्या आकड्यांशी बांधून टाकलं. २०२४ च्या खुर्च्या वाटल्या गेल्या तेव्हा तो आकडा बावन्न वर्षांचा झाला होता. मघाच्या उदाहरणात चौथी खुर्ची तीनशेहून कमी फरकावर फिरली. पन्नास वर्षांत कुठला समाज किती वाढला, किती लोक परदेशी गेले, किती जणांनी धर्म बदलला, किती लग्नं समाजाबाहेर झाली, हे भागाकाराला ठाऊकच नाही. नवी मोजणी करावी तर जुन्या जखमा उघडतील म्हणून ती करायची नाही, आणि जुनी मोजणी सोडावी तर अल्पसंख्याक घाबरतील म्हणून तीही सोडायची नाही.

समाज ठरवायचा कसा, हे तर याहून अवघड. घटना म्हणते, माणूस आपल्या राहणीवरून या तिघांपैकी कुठल्या समाजाचा दिसत नसेल तर तो जनरल पॉप्युलेशनमधला. राहणीवरून! त्या एका कोठ्यात गुलामांचे वारस क्रिओल आहेत आणि त्या गुलामांच्या मालकांचे वारस गोरेही आहेत. उमेदवारी अर्जात हा रकाना भरावाच लागतो; रिकामा सोडला तर अर्ज बाद. रेझिस्तान्स एक अल्तेर्नातिव या चळवळीच्या लोकांनी तो भरायला नकार दिला, अर्ज बाद करून घेतले, आणि लढत लढत संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीपर्यंत गेले. २०१२ मध्ये समितीने म्हटलं, की लोकसंख्येचे ताजे आकडे नसताना उमेदवाराला समाज लिहायला लावणं मनमानी आहे. २०१४ च्या निवडणुकीपुरता तात्पुरता कायदा करून रकाना रिकामा ठेवायची मुभा दिली. २०१९ ला मुभा गेली, रकाना परत आला.

मराठी माणसाचा प्रश्न इथेच येतो, आणि तो मला जवळचा वाटतो. मॉरिशसमध्ये मराठी बोलणाऱ्यांच्या वंशजांची छोटी पण जागी वस्ती आहे. कास्काव्हेलसारख्या गावात गणपती बसतो, गणेश चतुर्थीला देशभर सुट्टी असते, शाळेत मराठी शिकता येते. पण घटनेच्या हिशेबात मराठी नाही. तो हिंदूंच्या आकड्यात जातो. तेलुगूंचं तसंच, आणि हिंदू असलेल्या तमिळांचंही. पक्ष मात्र तिकीट वाटताना या सगळ्यांना वेगवेगळं मोजतात. तीन जागांच्या मतदारसंघात तीन नावं कुठली द्यायची याचा हिशेब पक्षकार्यालयात असा बारकाईने होतो की घटनेचे चार रकाने त्यापुढे ढोबळ वाटावेत. ओळख मोजणं थांबलेलंच नाही, ते जनगणनेच्या तक्त्यातून पक्षाच्या वहीत गेलं. तक्ता निदान सगळ्यांना वाचता येत होता. १९९८ मध्ये नव्या नोटांवर हिंदी ओळ तमिळच्या वर छापली गेली म्हणून एवढा क्षोभ झाला की नोटा मागे घ्याव्या लागल्या. क्रमावरून असं पेटू शकतं तिथे आठ खुर्च्यांना हात लावायला कुणी धजत नाही, यात नवल नाही.

आणि एक मोजणी घटनेत कुठेच नाही. १९६८ पासून पंतप्रधानपदावर पाच माणसं बसली: दोन रामगुलाम, दोन जगन्नाथ आणि एक बेरांजे. जानेवारी २०१७ मध्ये अनिरुद्ध जगन्नाथांनी पद मुलाच्या हाती दिलं, मधे निवडणूक नाही. बेरांजे हे एकटेच हिंदू नसलेले पंतप्रधान, आणि तेही २००० च्या निवडणुकीआधी झालेल्या करारामुळे: पहिली तीन वर्षं जगन्नाथ, उरलेली दोन बेरांजे. ३० सप्टेंबर २००३ ला ठरल्याप्रमाणे खुर्ची बदलली, शब्द पाळला गेला. मला ते चांगलंच वाटतं. पण करार नसता तर मतपेटीने त्यांना तिथवर पोचवलं असतं का? आठ खुर्च्यांच्या गणिताने सभागृहातला तोल राखला. सर्वांत वरच्या खुर्चीजवळ ते गणित पोचतच नाही.

उपाय सुचवणारे अहवाल आले. दक्षिण आफ्रिकेचे न्यायमूर्ती अल्बी सॅक्स यांच्या आयोगाने २००२ मध्ये सुचवलं, की पक्षांना पडलेल्या मतांच्या प्रमाणात आणखी ३० जागा द्या. त्याने साठ-शून्यचा आजार मुळातून बरा झाला असता: पस्तीस टक्के मतं मिळवणाऱ्याला काही खुर्च्या हमखास मिळाल्या असत्या, कुणाची राहणी न विचारता. पण जागांचा प्रश्न आला की प्रत्येक पक्ष पुढच्या साठ-शून्यचं स्वप्न पाहतो. जो हरलेला असतो त्याला सुधारणा हवी असते, आणि जिंकला की ती त्याला तातडीची वाटत नाही.

उमेदवारी अर्जातल्या रकान्याविरुद्ध लढलेल्या चळवळीतले अशोक सुब्रों २०२४ च्या निवडणुकीनंतर मंत्रिमंडळात गेले. ज्या निवडणुकीने त्यांना तिथे नेलं, तिच्या अर्जातही तो रकाना होता.